पात्राला ऐकू येणारं संगीत आणि फक्त प्रेक्षकाला ऐकू येणारं

सदाशिव पेठेतल्या एका वाड्यात लग्न आहे. अंगणात सनई-चौघडा, आत माजघरात नवरीची आई एकटीच कपाटाशी उभी. दिग्दर्शक संगीतकाराला सांगतो, 'इथे सनईचं बॅकग्राऊंड दे.' ही सनई आईला ऐकू येतेय का, हे आधी विचारायला हवं. येत असेल तर ते प्रसंगातलं संगीत, म्हणजे 'सोर्स'. नसेल तर पार्श्वसंगीत, म्हणजे 'स्कोअर'.

स्कोअर एडिट लॉक झाल्यावरच, म्हणजे कापाकापी पक्की झाल्यावरच करावा. सेकंदाला २४ फ्रेमच्या फिल्मला मिनिटाला १२० ठोक्यांच्या टेम्पोत एक ठोका बरोबर १२ फ्रेमचा होतो, २५ फ्रेमला साडेबाराचा. म्हणून फ्रेमरेट आधी विचारून घ्यावा. लॉकनंतर दोन शॉट जरी छाटले तरी त्यापुढच्या संगीताच्या सगळ्या जागा सरकतात.

सोर्सचं काम उलट शूटिंगच्या आधी सुरू होतं, कारण वाजवणारे कॅमेऱ्यात दिसतात. कमी बजेटच्या फिल्म सगळ्यात जास्त इथेच फसतात. लक्ष्मी रोडवरच्या मिरवणुकीत टिपरू ढोलावर पडलेलं दिसतं आणि ठोका मागून येतो. मग एडिटवर कितीही रात्री घालवा, ते जुळत नाही. वाजवायचं ते आधी रेकॉर्ड करून सेटवर लावावं. प्रसंगात संवाद असतील तर लय पकडण्यापुरते काही सेकंद वाजवून बंद करावं. मंडळी त्याच लयीत, आवाज न करता नाचतात आणि संवाद स्वच्छ मिळतात. लय टिकत नसेल तर सबवूफरवर ४० हर्ट्झच्या आसपासचा नुसता ठोका चालू ठेवावा, तो नंतर फिल्टरने काढता येतो. गाणं चालू ठेवून संवाद घेतले तर मात्र प्रत्येक कटला गाणं उडी मारतं.

मिक्सिंगमध्येही दोघांची वागणूक वेगळी. माजघरात पोचणारी सनई भिंतीआडून येते, तिची वरची धार गेलेली असते. रेडिओवरचं गाणं साधारण ३०० ते ३,५०० हर्ट्झमध्ये आणि मोनो, म्हणजे एकाच चॅनेलमध्ये, ठेवलं की पटतं. हे संगीतकाराने स्वतः करून पाठवू नये. ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटची स्वच्छ फाइल द्यावी, खोलीचा, भिंतीचा परिणाम मिक्सिंगवाला उभा करेल. स्कोअरमधल्या सनईची अडचण निराळी. तिची धार आणि शब्दांचा स्पष्टपणा एकाच फ्रिक्वेन्सी-पट्ट्यात, साधारण १ ते ४ किलोहर्ट्झमध्ये असतो. तिला संवादांमधल्या मोकळ्या जागांत ठेवावं.

सोर्स म्हणून रेडिओवर जुनं गाणं लावायचं असेल तर परवानग्या वेगवेगळ्या लागतात: शब्द-चालीची आणि ध्वनिमुद्रणाची. भारतीय कायद्यात ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रकाशनानंतर ६० वर्षं, शब्द आणि चालीचा कर्त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं टिकतो. १९५० सालची तबकडी २०११ पासून मोकळी. पण संगीतकार १९९० मध्ये वारला असेल तर चाल २०५० अखेरपर्यंत बांधलेली. त्या काळाचं वाटेल असं नवं गाणं करणं बहुतेक वेळा स्वस्त पडतं.

अंगणातली सनई आईच्या क्लोजअपवर स्कोअर होऊन पसरायला हवी असेल, तर टेक तोच ठेवावा आणि भिंतीआड दबलेली धार तीन-चार सेकंदांत उघडावी. खऱ्या सनईचा सा सॉफ्टवेअरच्या सुरावर क्वचितच बसतो. तिला ओढून सुरात आणू नये, तिचा बाज जातो. बाकीच्या वाद्यांचं ट्यूनिंग तिच्या 'सा'कडे सरकवावं.