विंगेतलं काम कुठे शिकलं गेलं?

मराठी नाटकाच्या जाहिरातीत लेखक, दिग्दर्शक, नेपथ्य, प्रकाश, संगीत, वेशभूषा, रंगभूषा अशी नावं ओळीने येतात. अगदी खाली, बारीक टायपात, ‘रंगमंच व्यवस्था’ किंवा (प्रयोगाची व्यवस्था बघणारा या अर्थाने) ‘सूत्रधार’ म्हणून आणखी दोन-चार नावं असतात. तिसरी घंटा वेळेवर होणं, दुसऱ्या अंकात लागणारं पत्र टेबलाच्या खणात असणं, ब्लॅकआउटमध्ये खुर्ची हलणं आणि ती नटाच्या पायात न येणं, हे सगळं या माणसांवर अवलंबून. हे काम कुठे शिकलात असं त्यांना विचारलं, तर बहुतेकांचं उत्तर एकच: करता करता. ते खोटं नाही, पण अपुरं आहे. करता करता शिकायलाही एक जागा लागते, आणि मराठीत ती जागा पिढीगणिक बदलत आली.

विष्णुदास भावे यांनी 1843 मध्ये सांगलीत ‘सीता स्वयंवर’ केलं, तेव्हा मागे सांभाळायला फारसं काही नव्हतंच. सूत्रधार पदं म्हणायचा, त्या पदांच्या आधाराने पात्रं आयत्या वेळी बोलायची, राक्षस आरडाओरडा करत यायचे. कोणी कधी यायचं, प्रसंग किती ताणायचा, हे सूत्रधार सगळ्यांदेखत ठरवायचा. म्हणजे प्रयोगाचं व्यवस्थापन रंगमंचावरच, प्रेक्षकांच्या समोर चालायचं. कोकणातल्या दशावतारात आजही बरंचसं असंच चालतं. लिखित संवाद नसतात. आज कोणतं आख्यान आणि कोण काय करणार, हे आधी तोंडी ठरतं आणि रात्रभर खेळ होतो.

31 ऑक्टोबर 1880 रोजी पुण्यात अण्णासाहेब किर्लोस्करांचं ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आलं आणि सूत्रधाराच्या हातातला हा कारभार काढून घेतला गेला. आता संहिता लिहिलेली होती, पदं ठरलेली होती. ती चुकली तर कळणार होती. म्हणून विंगेत, म्हणजे रंगमंचाच्या बाजूच्या आडोशाला, वही घेऊन उभा राहणारा प्रॉम्प्टर आला. त्याचं काम फक्त विसरलेलं वाक्य पुरवण्याचं होतं असं समजणं चूक आहे. संगीत नाटकात एका पदाला तीन-तीन वन्समोर मिळायचे. मूळ प्रसंग कुठे थांबला होता, समोरचा नट किती वेळ तसाच उभा आहे, पुढच्या प्रवेशाचा नट रंगपटातून निघाला का, याचं भान ठेवणारा माणूस तोच. किर्लोस्कर मंडळी, 1908 ची ललितकलादर्श, 1913 ची गंधर्व नाटक मंडळी या कंपन्यांचं बिऱ्हाड गावोगाव फिरायचं. त्यात दाखल झालेला पोरगा आधी वरकाम करायचा, मग पडदे ओढायचा, मग नकला उतरवून द्यायचा (प्रत्येक नटाला पूर्ण नाटक नव्हे, फक्त त्याच्या भूमिकेची नक्कल मिळे), कधी प्रॉम्प्टिंगला उभा राहायचा आणि नशीब असेल तर एखाद्या रात्री भालदार-चोपदार व्हायचा. अभ्यासक्रम म्हणून कुणी आखलेला नव्हता, पण तो होता.

मात्र एक गोष्ट त्याच काळात ठरून गेली, आणि माझ्या मते पुढच्या सगळ्या इतिहासावर तिचा शिक्का आहे. पैसा आणि मुक्काम मालक-व्यवस्थापकाकडे, तालीम तालीममास्तरकडे, संहिता प्रॉम्प्टरकडे, पडदे पडदेवाल्यांकडे, कपडेपट आणखी कोणाकडे. संपूर्ण प्रयोग पहिल्या घंटेपासून शेवटच्या पडद्यापर्यंत एका माणसाच्या ताब्यात, अशी जागा कंपन्यांत नव्हती. लंडनच्या नाटकात विंगेतल्या ठरलेल्या कोपऱ्यात एकजण संहितेची वही घेऊन बसतो. प्रकाश, ध्वनी, पडदा, प्रवेश यांची प्रत्येक खूण त्या वहीत असते आणि तो सांगेल तेव्हाच दिवा बदलतो. लाल दिवा लागला की तयार राहायचं, हिरवा लागला की करायचं. आपल्याकडे ही सगळी कामं झाली, पण वेगवेगळ्या हातांनी आणि बहुतेक वेळा तोंडी.

गुंडाळीच्या पडद्यांचा जमाना होता तोवर हे खपून गेलं. राजवाड्याचा पडदा वर, अरण्याचा खाली, की स्थळ बदललं. बाबुराव पेंटरांसारख्या कलावंतांनी रंगवलेल्या पडद्यांचं कौतुक व्हायचं ते योग्यच, पण त्या पडद्यासमोर खुर्ची हातभर इकडे-तिकडे झाली तरी फारसं बिघडत नसे. ललितकलादर्शने 1922 मध्ये मामा वरेरकरांचं ‘सत्तेचे गुलाम’ आणलं, पु. श्री. काळे यांचं वास्तव वाटणारं नेपथ्य आलं, आणि 1933 मध्ये नाट्यमन्वंतरने ‘आंधळ्यांची शाळा’ करून बॉक्स सेट (तीन भिंतींची खोली उभी करणारं नेपथ्य), मोजकी गाणी आणि स्त्री भूमिकेत स्त्रिया असं नवं वळण घेतलं. आता दार खरोखर उघडायला हवं होतं. खिडकीतून दिसणाऱ्या माणसाला खिडकीमागे वेळेवर आणून उभं करायला हवं होतं. फ्लॅट (सेटच्या भिंतीची चौकट) कुठे जोडायचा, टेबल कुठे, त्यावर कपबशा किती, याच्या खुणा आणि याद्या अपरिहार्य झाल्या. आपले लोक सगळ्या वस्तूंना मिळून ‘प्रॉपर्टी’ म्हणतात. ‘प्रॉपर्टी कोण बघतंय?’ हा प्रश्न तालमीत विचारला जायला लागावा, असं नाटक आता आलं होतं.

नेमकी इथेच शिकायची जागा मोडली. 1931-32 मध्ये बोलपट आले आणि कंपन्या एकेक करून बसल्या. नट सिनेमात गेले, गवई मैफलींकडे वळले. पडदेवाले आणि प्रॉम्प्टर कुठे गेले, याच्या नोंदी फारशा कोणी ठेवल्या नाहीत.

पुन्हा उभारी आली ती हौशी मंडळींमुळे. 1935 मध्ये स्थापन झालेला मुंबई मराठी साहित्य संघ, 1943 चा शताब्दी महोत्सव, आणि 1954 पासून राज्य नाट्य स्पर्धा. गिरणगावात कामगारांची नाटकं परळच्या दामोदर हॉलमध्ये व्हायची, भाड्याचे पडदे आणि भाड्याचे कपडे आणून. राज्य स्पर्धेची फारशी न सांगितली जाणारी देणगी अशी, की तिने नेपथ्य आणि प्रकाशयोजनेला बक्षिसं दिली आणि त्यामुळे मागच्या माणसांना जिल्ह्याजिल्ह्यांत किंमत आली. बँकेतला कारकून किंवा शाळामास्तर डिमर (दिवे कमी-जास्त करणारं यंत्र) हाताळायला शिकला तो या स्पर्धेसाठी. 1963 पासूनच्या पुरुषोत्तम करंडक या कॉलेजच्या एकांकिका स्पर्धेने भर लेखन, अभिनय, दिग्दर्शनावर ठेवला. तरी तिथेही मागे कोणीतरी लागतंच. स्पर्धेची एकांकिका एकदा मागून पाहावी. आधीची टीम सामान उचलते आहे तोच पुढच्या टीमची पोरं लेव्हल (लाकडी चौथरे) घेऊन विंगेत दाटीवाटीने उभी. जमिनीवर रंगीत टेपचे तुकडे चिकटवून मार्किंग करणारी एक मुलगी, तिच्या तोंडात टेपचा रोल. लाइटच्या मुलाला ती ओरडून सांगत नाही, बोटं दाखवते. वेळ संपली की गुण जातात. ही मुलगी कॉलेजच्या तीन वर्षांत जे शिकते ते पुस्तकात सापडत नाही, आणि बक्षिसांच्या यादीत तिचं नाव बहुधा नसतंच.

व्यावसायिक नाटकात तोवर कंत्राटी पद्धत रुळली होती. कंपनीचं बिऱ्हाड गेलं आणि नाटकाची बस आली. महिन्याचा पगार गेला आणि ‘नाइट’ आली, म्हणजे प्रयोग झाला तर पैसे. प्रत्येक नाट्यगृहाच्या रंगमंचाची रुंदी-खोली वेगळी, विंगा वेगळ्या, दिवे टांगायच्या जागा वेगळ्या. दुपारी बस पोचते आणि रात्री प्रयोग असतो. शिवाजी मंदिरात बसणारा सेट तालुक्याच्या गावात कुठे दुमडायचा, कुठला फ्लॅट बसमध्येच ठेवायचा, हा निर्णय घेणारा माणूस दिग्दर्शक नसतो, कारण दिग्दर्शक दौऱ्यावर नसतोच.

याच काळात 8 ऑक्टोबर 1962 रोजी दिल्लीत ‘तो मी नव्हेच’चा पहिला प्रयोग झाला. लखोबा लोखंडेच्या भूमिकेसाठी सगळे प्रभाकर पणशीकरांची आठवण काढतात, ते बरोबरच आहे. पण त्या नाटकात फिरता रंगमंच होता. समोर कोर्टात साक्ष चालू असताना मागे पुढचं स्थळ लावून तयार ठेवायचं, तेही आवाज न करता, आणि नेमक्या वाक्याला रंगमंच फिरवायचा. नटाला वेष बदलून दुसऱ्या बाजूला हजर करायचं. असं नाटक गावोगाव नेण्यासाठी बॅकस्टेजची जी शिस्त लागते, तिचा इतिहास कोणी लिहायला घेतला तर मी तो आधी वाचीन.

समांतर रंगभूमीने शिकण्याची आणखी एक जागा दिली: दादरच्या छबिलदास शाळेचं सभागृह. ‘आविष्कार’ या नाट्यसंस्थेने 1974 पासून तिथे नाटकं सुरू केली. दिवसा शाळा, संध्याकाळी नाटक. सजलेलं तयार नाट्यगृह नव्हतंच. दर प्रयोगाला रंगमंच कुठे आणि प्रेक्षक कुठे इथून विचार करावा लागे. या चळवळीचा कणा होते अरुण काकडे. ‘रंगायन’ या आधीच्या संस्थेपासून 2019 मध्ये निधन होईपर्यंत त्यांनी जे केलं त्याला संघटन म्हणा, निर्मिती म्हणा किंवा रंगमंच व्यवस्थापन म्हणा, परवानग्या, तारखा, जागा, पैसे, माणसं, सगळं त्यांच्या डोक्यात. ‘आविष्कार’च्याच ‘दुर्गा झाली गौरी’ या बालनाट्यात सत्तरेक मुलं रंगमंचावर असतात. मुलं मोठी होऊन बाहेर पडतात, नवी येतात, आणि नाटक वर्षानुवर्षं चालू राहतं. ते व्यवस्थापनाशिवाय शक्य नाही. 1994 मध्ये चंद्रकांत कुलकर्णींच्या दिग्दर्शनाखाली महेश एलकुंचवारांची वाडा नाट्यत्रयी, म्हणजे तीन नाटकं, एकाच बैठकीत सादर झाली. त्यात अभिनयाइतकीच पणाला लागली होती ती मागची तयारी.

याउलट ‘घाशीराम कोतवाल’ने (16 डिसेंबर 1972) प्रश्नच वेगळ्या तऱ्हेने सोडवला. तिथे माणसांची रांगच पडदा झाली. स्थळ बदलायचं काम विंगेतून काढून पुन्हा नटांकडे आलं.

शाळेत शिकवण्याचा मार्ग आपल्याकडे आला तो दिल्लीमार्गे. इब्राहिम अल्काझी लंडनच्या राडा या नाट्यशिक्षण संस्थेत शिकलेले. 1962 ते 1977 राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचे संचालक. त्यांच्याकडे विद्यार्थ्याला सेट, दिवे, कपडे, स्वच्छता यातलं कोणतंच काम टाळता येत नसे. तिथून शिकून आलेल्यांनी ही शिस्त महाराष्ट्रात आणली. 1987 मध्ये पुणे विद्यापीठाचं ललित कला केंद्र सुरू झालं, 2003 मध्ये मुंबई विद्यापीठाची अकादमी ऑफ थिएटर आर्ट्स. तरीही अभिनय शिकायला शंभर अर्ज येतील तिथे व्यवस्थापन शिकायला दोन येतात का, हा प्रश्नच आहे. त्याचं कारण उघड आहे: शिकल्यानंतरही मिळणार ती नाइटच.

त्या पद्धतीचं खरं रूप मार्च 2020 मध्ये दिसलं. नाट्यगृहं बंद झाली आणि प्रयोगावर पोट असलेल्यांची मिळकत त्याच दिवशी थांबली. मधे काही महिने उघडून नाट्यगृहं पुन्हा बंद झाली. 22 ऑक्टोबर 2021 ला निम्म्या आसनांवर परत सुरू झाली. त्या दीड वर्षात काहीजणांनी दुसरी कामं धरली आणि परत आले नाहीत. त्यांच्याबरोबर काय गेलं, ते जुनं नाटक पुन्हा करायला घेतलं की कळतं. संहिता छापील मिळते, गाण्यांच्या ध्वनिमुद्रिका मिळतात. दिवे कधी आणि कसे बदलत, तिसऱ्या अंकाआधी सेट किती मिनिटांत आणि किती माणसांत लागे, याची वही बहुतेक संस्थांकडे नसते. मग त्या वेळच्या एखाद्या म्हाताऱ्या बॅकस्टेजवाल्याला शोधून त्याच्या घरी जावं लागतं.