मान गल्च वणवा (१९४९)

अमेरिकेच्या मोंटाना राज्यातील हेलेना राष्ट्रीय वनात, मिसुरी नदीला मिळणाऱ्या मान गल्च या घळीत ५ ऑगस्ट १९४९ रोजी भडकलेल्या वणव्यात वनखात्याचे १३ जवान मरण पावले. वणव्यांच्या इतिहासात याहून मोठी जीवितहानी झालेल्या घटना आहेत. तरीही संकटात सापडलेली तुकडी कशी विस्कटते आणि नायकाचा अचूक निर्णयही निष्फळ का ठरू शकतो, याचा अभ्यास करताना ही घटना आजही आवर्जून विचारात घेतली जाते.

विमानातून हवाईछत्रीने वणव्याजवळ उतरून तो लहान असतानाच विझवणाऱ्या जवानांना ‘स्मोकजंपर’ म्हणतात. ही पद्धत १९४० मध्ये सुरू झाली होती. वीज पडून लागलेल्या मान गल्चच्या वणव्यासाठी मिसुला येथून विमान निघाले आणि दुपारी चारच्या सुमारास १५ जण खाली उतरले. आधीपासून तेथे एकट्याने आगीशी झुंजणारा एक वनरक्षक त्यांना येऊन मिळाल्याने तुकडी १६ जणांची झाली. संदेशयंत्राची हवाईछत्री न उघडल्याने ते आपटून फुटले व बाहेरच्या जगाशी संपर्क तुटला. तुकडीनायक वॅग्नर डॉज ३३ वर्षांचे व अनुभवी होते. मात्र तुकडीतील बहुतेकजण अगदी तरुण होते आणि ही सर्व माणसे याच रचनेत पूर्वी एकत्र काम करून आलेली नव्हती.

विमानातून पाहताना हा वणवा दुसऱ्या दिवशी सकाळी दहापर्यंत आटोक्यात येणारा, म्हणजे ‘दहा वाजताचा वणवा’, वाटला होता. हे नाव एकदा मनात बसल्यावर पुढची चिन्हे त्याच चौकटीत वाचली गेली. डॉज वनरक्षकासोबत थोडे खाऊन घेण्यासाठी मागे थांबले, तर उपनायक बाकीच्यांना घेऊन नदीच्या दिशेने उतरू लागला. एकजण तर वाटेत छायाचित्रे टिपत होता. नायक निवांत आहे आणि सोबती छायाचित्रे काढतो आहे, हे पाहून धोका नसल्याची प्रत्येकाची समजूत पक्की झाली असावी. तोवर समोरच्या उतारावरील आग घळीच्या तोंडाशी ओलांडून त्यांच्याच बाजूच्या वाळक्या गवतात शिरली होती.

सायंकाळी पावणेसहाच्या सुमारास डॉज यांनी आग समोरून येताना पाहिली आणि तुकडीला मागे वळवून चढावर पळवले. काही मिनिटांनी त्यांनी जड अवजारे टाकून देण्यास सांगितले. पण ज्या अवजारांवर आपण वणवा विझवणारे म्हणून ओळखले जातो, ती टाकायची म्हणजे आता आपण विझवणारे नसून जीव वाचवून पळणारे आहोत हे मान्य करायचे होते. सर्वांनी ती टाकली नाहीत. अखेर आग गाठणार हे ओळखून डॉज यांनी काडी ओढून समोरचे गवतच पेटवले, जळून गेलेल्या त्या तुकड्यावर पालथे पडले आणि इतरांनाही आत येण्यास खुणावले. जळाऊ काही उरले नाही तर आग तेथे येणार नाही, हे तत्त्व उत्तर अमेरिकेतील गवताळ प्रदेशातल्या मूळ रहिवाशांना माहीत होते, परंतु त्या जवानांच्या प्रशिक्षणात ते नव्हते. नायकाचे डोके फिरले आहे असेच पाहणाऱ्यांना वाटले आणि एकही जण आत आला नाही. एका मृताच्या घड्याळाचे काटे ५ वाजून ५६ मिनिटांच्या सुमारास थांबलेले आढळले. डॉज यांच्याशिवाय केवळ दोघे, कड्यातील फटीतून पलीकडच्या दगडगोट्यांवर पोहोचल्याने, वाचले.

चौकशी मंडळाने खात्याला दोषी ठरवले नाही. डॉज यांनी लावलेल्या आगीनेच मुलांचा जीव घेतला, असा आरोप काही पालकांनी केला. डॉज १९५५ मध्ये आजाराने वारले. पुढे १९५७ मध्ये वनखात्याने वणवा विझवणाऱ्यांसाठी दहा स्थायी आदेश निश्चित केले. निरीक्षक, संपर्क, सुटकेच्या वाटा व सुरक्षित जागा ही चौकटही १९९१ पासून शिकवली जाते.

संघटनांचे अभ्यासक कार्ल वाइक यांनी १९९३ मध्ये या घटनेचे विश्लेषण केले. त्यांच्या मते तुकडीची रचना कोसळली तेव्हा परिस्थितीचा अर्थ लावण्याची क्षमताही कोसळली आणि दोन्ही गोष्टींनी एकमेकींना आणखी खाली ओढले. प्रसंगानुरूप उपाय शोधण्याची सवय, नायक दिसेनासा झाला तरी त्याची भूमिका मनात सांभाळण्याची क्षमता, आपले ज्ञान अपुरे आहे याची जाणीव आणि एकमेकांच्या निरीक्षणांवर विश्वास, ही चार साधने त्यांनी अशा तुकडीची बळकटी म्हणून मांडली. मान गल्चमध्ये पहिले साधन डॉज यांच्याजवळ पुरेपूर होते. उणीव उरली ती शेवटच्या साधनाची, कारण स्वतः लावलेल्या आगीमागचा हेतू सांगण्याइतका वेळ डॉज यांच्याकडे नव्हता आणि कारणाविना आज्ञा मानावी इतकी जुनी ओळख नव्हती. पुढे ६ जुलै १९९४ रोजी कोलोराडोतील साउथ कॅन्यन वणव्यात १४ जण मरण पावले, तेव्हा पळतानाही अवजारे व पाठपिशव्या न टाकण्याचा प्रश्न पुन्हा चर्चेत आला.