ली छांग-दोंग: मास्तर, कथाकार, मग पटकथाकार

दक्षिण कोरियाच्या ली छांग-दोंग यांना जग दिग्दर्शक म्हणून ओळखतं. पण त्यांचा पहिला चित्रपट, १९९७चा ‘ग्रीन फिश’, आला तेव्हा चाळिशी उलटून गेली होती. तोवरचे ली म्हणजे शाळेत कोरियन भाषा शिकवणारे मास्तर आणि कथालेखक. जन्म १९५४चा, देगू शहरातला. १९८३मध्ये ‘दोंग-आ इल्बो’ या दैनिकाच्या नववर्ष साहित्यस्पर्धेतून त्यांचं नाव पुढे आलं. कोरियात लेखक होण्याची ही रुळलेली वाट.

काळ मात्र बरा नव्हता. मे १९८०मध्ये ग्वांगजूत लष्कराने नागरिकांवर गोळ्या झाडल्या होत्या. त्यानंतर लेखणी हातात धरणाऱ्याला ‘लिहून होणार काय?’ हा प्रश्न चुकत नव्हता.

पटकथेकडे त्यांना नेलं दिग्दर्शक पार्क क्वांग-सू यांनी. १९९३मध्ये ‘टू द स्टारी आयलंड’साठी ली पटकथालेखकही होते आणि सहायक दिग्दर्शकही. खरी महत्त्वाची ठरली ती १९९५ची ‘अ सिंगल स्पार्क’. सोलच्या कपडेबाजारातल्या जिऑन ते-इल या २२ वर्षांच्या कामगाराने १९७०मध्ये कामगार कायद्याच्या पुस्तकासह स्वतःला पेटवून घेतलं होतं. चित्रपट त्याची गोष्ट सांगतो ती पोलिसांपासून लपून त्याचं चरित्र लिहिणाऱ्या माणसाच्या नजरेतून. दुसऱ्याचं दुःख लिहिणाऱ्याची ही पंचाईत लींनी पुढे कधी सोडली नाही, असं मला वाटतं.

‘पेपरमिंट कँडी’ या स्वतः दिग्दर्शित केलेल्या चित्रपटात ते १९९९पासून उलट चालत १९७९पर्यंत जातात, ग्वांगजू वाटेत लागतंच. ‘ओअ‍ॅसिस’ला २००२मध्ये व्हेनिस चित्रपट महोत्सवात दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला. २००३-०४मध्ये ते चक्क सांस्कृतिक मंत्री होते. मग २०१०चा ‘पोएट्री’: स्मृतिभ्रंश सुरू झालेली आजी कविता शिकायला जाते, आणि वर्गाच्या शेवटी कविता लिहून देणारी ती एकटीच निघते. कान चित्रपट महोत्सवात त्याला पुरस्कार मिळाला तो पटकथेचा.

आठ वर्षांनी ‘बर्निंग’ आला. आधार जपानी लेखक हारुकी मुराकामींच्या कथेचा, सहलेखिका ओ जंग-मी. मूळ कथाही १९८३चीच, लींच्या पदार्पणाच्या वर्षातली. इथला नायक जोंग-सू लेखक होऊ पाहतो, पण चित्रपटभर त्याच्या हातचं लेखन दिसतं ते एकच: बापाच्या खटल्यासाठी शेजाऱ्यांच्या सह्या घ्यायला लिहिलेला अर्ज. शेवटाकडे मात्र तो नाहीशा झालेल्या आपल्या मैत्रिणीच्या खोलीत, खिडकीपाशी बसून काहीतरी टाइप करताना दिसतो.