प्रायोगिक चित्रपटातील काळ आणि स्मृती : कोकणच्या संदर्भात

प्रायोगिक चित्रपटात काळ गोष्टीच्या मागून चालत नाही. दृश्य किती वेळ धरायचे, कुठे तोडायचे, तेच पुन्हा कधी आणायचे, यातूनच अर्थ उभा राहतो. फिल्म सेकंदाला २४ चौकटींनी धावते, म्हणजे हालचाल मुळात स्थिर चित्रांचीच रांग. क्रिस मार्कर यांचा ‘ला जेते’ (१९६२) हा सुमारे २८ मिनिटांचा फ्रेंच चित्रपट जवळजवळ पूर्णपणे स्थिर छायाचित्रांचा आहे. लहानपणी मनात ठसलेला एक चेहरा नायकाला सोडत नाही. एकाच ठिकाणी चित्र हलते : झोपलेली बाई डोळे उघडते. एवढ्याने अंगावर काटा येतो.

स्थिर चित्र आणि सांगणारा, याच भांडवलावरची कला कोकणात आधीपासून आहे. कुडाळजवळच्या पिंगुळी गावात ठाकर समाजाने चित्रकथी जपली आहे. रामायण-महाभारतातल्या एका आख्यानाच्या चित्रांचा संच म्हणजे पोथी. कथेकरी एक चित्र समोर ठेवतो, गातो, बोलतो. प्रसंग सरला की पुढचे पान लावतो. विलाप रंगला तर तेच पान तसेच राहते. समोरच्यांना कथा ठाऊकच असते, त्यामुळे इथे बघणे म्हणजेच आठवणे. प्रायोगिक चित्रपटांचे हिंदी दिग्दर्शक मणी कौल यांनी १९७७ मध्ये ‘चित्रकथी’ हा लघुपट केला, याचे म्हणूनच नवल वाटत नाही. त्यांच्या ‘उसकी रोटी’त (१९६९) बसचालक नवऱ्याची भाकरी घेऊन थांब्यावर उभी असलेली बाई दिसते, प्रत्यक्षातले कुठे संपले आणि तिच्या मनातले कुठे सुरू झाले, ते कळत नाही. चाकरमान्यांची वाट बघत गणपती ते शिमगा दिवस मोजणाऱ्या घरांना हा काळ समजावून सांगावा लागत नाही.

मालवण तालुक्यातल्या आचरे गावची गावपळणही इथे आठवते. दर काही वर्षांनी देवाचा कौल घेऊन सगळे गाव गुराढोरांसह वेशीबाहेर जाते आणि तीन दिवस, तीन रात्री घरे बंद राहतात. अंगण, तुळस, कडी घातलेले दार, त्यावर सरकणारे ऊन : न तोडता बराच वेळ धरलेल्या दृश्याला याहून सच्चा विषय मिळणे कठीण.

फिल्मची स्वतःची आठवणही किनाऱ्यावर लवकर झिजते. दमट, उष्ण हवेत ॲसिटेट (एक प्रकारचे प्लॅस्टिक) फिल्म आंबते. डबा उघडताच व्हिनेगरसारखा वास येतो, पट्टी आखडून वाकडी होते. घरच्या जुन्या फिल्मची बुरशीने खाल्लेली जागा पडद्यावर दाखवणाऱ्या यंत्रातून गेली की आजीच्या चेहऱ्यावरून जाळीदार नक्षी सरकते, आणि तिच्याआड आजी हसत राहते.