पाते ते बोंड : फुलाच्या आत काय घडते

पोळ्याच्या सुमारास मराठवाड्यातल्या एखाद्या काळ्या रानात शिरले, की कमरेएवढ्या कपाशीच्या एकाच झाडावर तीन अवस्था एकत्र दिसतात. शेंड्याकडे तिकोनी हिरवे पाते, म्हणजे फुलाची कळी, मधल्या फांद्यांवर उमललेली फुले आणि खाली लहानमोठी बोंडे. त्याच वेळी सरीत वाकून पाहिले, तर मातीवर गळून पडलेले पातेही दिसते आणि शेतकऱ्याच्या काळजात चर्र होते. पातेगळ झाली की कीड आली, फवारणी चुकली, बियाणे खराब निघाले असे अंदाज बांधले जातात, आणि त्यांतले काही खरेही असतात. पण पाते का टिकते आणि का गळते हे समजून घ्यायचे, तर माझ्या मते आधी फूल उघडून पाहिले पाहिजे. कारण बी तयार होते ते फुलात, आणि त्या बीचा सारा खर्च मूळ, खोड व पान यांना उचलावा लागतो.

कपाशीचे फूल सकाळी, ऊन चढण्याआधी तोडावे आणि ब्लेडने देठापासून वरपर्यंत उभे चिरावे. सर्वांत बाहेर दातेरी कडांची, पानासारखी तीन छदे असतात. पात्याला तिकोनी आकार येतो तो यांच्यामुळेच. त्यांच्या आत पाच निदले एकमेकांना चिकटून झालेली बुटकी हिरवी वाटी दिसते, तिला निदलपुंज म्हणतात. कळी कोवळी असताना तिला ऊन, वारा आणि किडीपासून सांभाळणे हे या बाहेरच्या आवरणांचे काम. त्यांच्यानंतर पाच पाकळ्यांचा दलपुंज येतो. आज आपल्याकडे सर्वत्र लावल्या जाणाऱ्या अमेरिकन कपाशीत या पाकळ्या दुधाळ असतात, तर देशी कपाशीच्या अनेक वाणांत त्या पिवळ्या असून तळाशी तांबूस डाग असतो. पाकळ्यांचा रंग आणि तळाशी पाझरणारा मध ही दोन्ही कीटकांना दिलेली आमंत्रणे आहेत.

पाकळ्या अलगद बाजूला केल्या, की फुलाच्या मधोमध एक नळी उभी दिसते आणि तिच्या अंगावर पिवळसर दाण्यांची दाटी असते. हे पुंकेसर, म्हणजे फुलाचा नर भाग. साधारण शंभराच्या घरातले हे केसर खाली एकमेकांना जुळून त्यांची नळी होते. जास्वंद, भेंडी आणि अंबाडी यांच्या फुलांतही हीच रचना आढळते, कारण ही सगळी एकाच कुळातली भावंडे आहेत. प्रत्येक केसराच्या टोकाला परागकोश असतो आणि तो तडकला की परागकण बाहेर येतात. ते बोटाला लावून भिंगाखाली पाहिले, तर गोल, काटेरी आणि चिकट दिसतात. असे जड कण वाऱ्यावर उडत नाहीत. ते एकतर त्याच फुलाच्या कुक्षीवर, म्हणजे मादी भागाच्या टोकावर पडतात, नाहीतर मधमाशीच्या अंगाला चिकटून दुसऱ्या फुलाकडे जातात.

त्या नळीच्या पोटातून कुक्षीवृंत वर येतो. त्याचे चिकट टोक म्हणजे कुक्षी, आणि तळाशी फुगीर अंडाशय. अंडाशय आडवा कापला, की चार किंवा पाच कप्पे स्पष्ट दिसतात आणि प्रत्येक कप्प्यात मोत्यांसारखी पांढरी बीजांडे, ज्यांची पुढे बी होते, ओळीने लागलेली असतात. दिवाळीत बोंड फुटल्यावर कापसाचे जे चार-पाच भाग वेगळे होतात, ते हेच कप्पे. म्हणजे पुढे हाती येणाऱ्या बोंडाचा आराखडा फूल उमलण्याआधीच कळीत तयार असतो.

यापुढचे काम एका दिवसाचे आहे. परागकण कुक्षीवर पडला की त्यातून एक बारीक नलिका फुटते आणि कुक्षीवृंतातून खाली वाढत अंडाशयापर्यंत पोहोचते. एका बीजांडाला एक नलिका लागते. चार कप्प्यांत प्रत्येकी आठ बीजांडे धरली, तर सगळी सरकी भरण्यासाठी किमान बत्तीस परागकणांनी हा प्रवास पुरा करावा लागतो. परागकण पाण्याने भिजला तर फुटतो. म्हणून सकाळी फूल उमललेले असताना जोराची सर आली, तर त्या दिवशीची बरीच फुले वाया जातात. ज्यांचे काम झाले त्यांच्या पाकळ्या संध्याकाळपासून गुलाबी होऊ लागतात, दुसऱ्या दिवशी तांबड्या दिसतात आणि मग गळतात. ही पाकळ्यांची गळ म्हणजे नुकसान नव्हे. पांढरे फूल आजचे आणि तांबडे फूल कालचे, एवढाच त्याचा अर्थ.

नलिकेतून एक नव्हे तर दोन नरपेशी खाली उतरतात. रशियन वनस्पतिशास्त्रज्ञ सर्गेई नावाशिन यांनी १८९८ मध्ये दाखवून दिले, की त्यांपैकी एक अंडपेशीशी एकरूप होते व तिच्यापासून गर्भ तयार होतो, आणि दुसरी मधल्या केंद्रकांशी मिळून भ्रूणपोष, म्हणजे गर्भाची शिदोरी तयार करते. हे दुहेरी फलन सपुष्प वनस्पतींचे खास लक्षण मानले जाते. सरकीत ही शिदोरी गर्भाची बीजपत्रे वाढता वाढता संपवून टाकतात आणि तेल त्या बीजपत्रांतच साठते. ज्वारीच्या दाण्यात मात्र ती शेवटपर्यंत शिल्लक राहते. हुरड्याचा कोवळा दाणा दाबल्यावर जे दुधासारखे बाहेर येते, तो हाच भ्रूणपोष. आणि पुढे तोच वाळून भाकरीचे पीठ होतो.

कपाशीच्या बीजांडावर याच दिवसांत आणखी एक घटना घडत असते. फूल उमलते त्या दिवशीच बीजांडाच्या बाहेरच्या थरातल्या काही पेशी फुगून वर येऊ लागतात. त्यांतली प्रत्येक पेशी न विभागता नुसती लांब होत जाते, सुमारे तीन आठवडे वाढून इंचभर लांबी गाठते, आणि त्यानंतर तिच्या आतल्या बाजूला सेल्युलोजचे थर बसू लागतात. बोंड फुटून ऊन लागले की पेशी वाळते, चपटी होते आणि पिळली जाते. आपण वेचतो त्या कापसाचा प्रत्येक तंतू म्हणजे अशी एक अखंड पेशी असते, आणि सूत कातता येते ते तिच्या या पिळामुळे. लांबी वाढत असताना पाणी कमी पडले तर तंतू आखूड राहतो. थर बसत असताना पानांकडून साखर कमी आली तर तो कच्चा राहतो.

आता पातेगळीकडे वळता येईल. पाते किंवा कोवळे बोंड वाऱ्याने तुटून पडत नाही. त्याच्या देठाशी पेशींचा एक पातळ थर असतो. झाडाने पुरवठा आखडता घेतला, की त्या थरातल्या पेशी एकमेकींपासून सुटू लागतात. वाढणाऱ्या बीजांडांकडून ऑक्सिन नावाचे संप्रेरक देठाकडे येत असते, तोवर हा थर घट्ट राहतो. ऑक्सिन कमी झाले आणि इथिलीन हे दुसरे संप्रेरक वाढले, की तो सैल होतो. फलन नीट झालेले नसेल तर ऑक्सिन येणार कोठून? म्हणूनच फुलानंतरचे पहिले दहा-बारा दिवस धोक्याचे असतात. त्यापुढे गेलेले बोंड सहसा गळत नाही. निरोगी झाडसुद्धा आपले निम्म्याहून अधिक पाते आणि कोवळी बोंडे स्वतःहून टाकून देते, कारण लागलेल्या प्रत्येक पात्याला पोसण्याइतकी साखर त्याच्यापाशी नसते. गळ रोखण्यासाठी फवारले जाणारे एन. ए. ए. हे कृत्रिम ऑक्सिनच आहे. त्याचा उपयोग होतो, पण ते देठाचा थर घट्ट ठेवते, बोंडाला जेवू घालत नाही, हे त्याच्या भरवशावर राहणाऱ्याने नीट ध्यानात घ्यावे असे मला कळकळीने वाटते.

जेवण येते ते पानातून. पानाच्या पृष्ठभागावरची सूक्ष्म पर्णरंध्रे उघडी असतील तरच हवेतला कार्बन डायऑक्साइड आत येतो आणि उन्हाच्या बळावर त्याची साखर होते. पण याच रंध्रांतून पाण्याची वाफही बाहेर जाते. पावसाचा खंड पडला, की झाड पाणी वाचवण्यासाठी रंध्रे मिटते आणि त्याबरोबर साखरही थांबते. उलट सलग झडीत ढगांमुळे ऊन मिळत नाही. त्यात काळ्या जमिनीत पाणी साचले, तर मातीच्या कणांमधली हवा निघून जाते आणि मुळे गुदमरतात. श्वास घेता आला नाही तर मुळांना पाणी व अन्नद्रव्ये वर चढवता येत नाहीत. पाण्यात उभी असलेली कपाशी सुकल्यासारखी माना टाकते, त्याचे कारण हेच. खोडातल्या जलवाहिन्या पाणी वर नेतात, रसवाहिन्या पानातली साखर बोंडापर्यंत आणि मुळापर्यंत पोहोचवतात. यांतली एक बाजू अडली की झळ पहिल्यांदा पात्याला लागते.

कपाशीच्या ओळींमधली तूर अशा खंडात बराच काळ तग धरते, कारण तिचे सोटमूळ खोल गेलेले असते. तिच्या मुळांवरच्या गाठी नखाने फोडून पाहाव्यात. आत गुलाबी रंग दिसला, तर तिथले रायझोबियम जिवाणू हवेतला नत्र पकडण्याचे काम करीत आहेत असे समजावे. तुरीचे पिवळे फूल पतंगासारखे असते. वरची मोठी पाकळी ध्वजासारखी उभी, दोन बाजूंना दोन पंख आणि खाली दोन पाकळ्या जुळून झालेली होडी, जिच्या पोटात दहा पुंकेसर व कुक्षी झाकलेली असते. मधमाशी पंखांवर बसली की तिच्या वजनाने होडी खाली दबते आणि पराग तिच्या पोटाला लागतो.

ज्वारीने मात्र पाकळ्यांचा खर्चच टाळला आहे. पोटरीतून कणीस निसवल्यावर शेंड्याकडून खाली फुलोरा येत जातो, आणि प्रत्येक फुलात पाकळ्यांच्या जागी दोन इवलेसे खवले असतात. ते पहाटे पाणी शोषून फुगतात व बाहेरची तुसे बाजूला सारतात. मग तीन परागकोश बाहेर लोंबतात आणि पिसासारख्या दोन कुक्षी हवेतले पराग झेलतात. वाऱ्याला रंगाचे आणि मधाचे काय काम? करडईची तऱ्हा याहून वेगळी : आपण जिला फूल म्हणतो ते काटेरी छदांच्या वाटीत दाटलेल्या अनेक चिमुकल्या फुलांचे स्तबक असते, आणि करडईचा प्रत्येक दाणा त्यांतल्या एकेका फुलाचे फळ असतो.

फुलात नर आणि मादी असे भाग असतात ही गोष्ट युरोपात प्रयोगाने सिद्ध झाली ती १६९४ मध्ये. रुडॉल्फ कामेरारियस या जर्मन वैद्याने आपल्या बांधावर दिसतो त्याच एरंडाची नरफुले उमलण्याआधी काढून टाकली, तेव्हा झाडाला बी धरले नाही. एरंडात, भोपळ्यात आणि दोडक्यात नर व मादी फुले वेगवेगळी असतात. भोपळ्याच्या मादी फुलाखाली इवलासा भोपळा आधीपासूनच दिसतो, तो तिचा अंडाशय.

सीताफळात दोन्ही भाग एकाच फुलात असूनही त्यांची वेळ जुळत नाही. बालाघाटाच्या डोंगरात, बीड आणि धारूरच्या परिसरात उन्हाळा संपता संपता सीताफळीला बहर येतो, तेव्हा खाली मान घातलेले एक हिरवट फूल तोडून पाहावे. तीन जाड, मांसल पाकळ्यांच्या आत मधोमध एक छोटा शंकू असतो आणि त्याच्या भोवती पुंकेसरांची दाट कड. फूल थोडे किलकिले झाले, की शंकूवरच्या कुक्षी ओलसर व चकचकीत दिसतात, पण परागकोश अजून बंद असतात; पराग सुटेपर्यंत कुक्षी सुकलेल्या असतात. त्यामुळे पराग दुसऱ्या फुलाकडूनच यावा लागतो, आणि तो आणतात ते फुलाच्या वासाने पाकळ्यांच्या फटीत शिरणारे अगदी बारीक भुंगेरे. हवा कोरडी असेल तर कुक्षी लवकर सुकतात, म्हणून पहिल्या पावसानंतर हवेत ओलावा आला की फळधारणा सुधारते. काही बागायतदार एका फुलातले पराग ब्रशने दुसऱ्या फुलाच्या कुक्षीवर लावतात, तेही यासाठीच.

त्या शंकूत अनेक सुटी जायांगदले, म्हणजे मादी भागाचे घटक असतात आणि फलन झालेल्या प्रत्येक दलाचा पुढे एक डोळा होतो. सीताफळ हातात घेतल्यावर एका बाजूला डोळे टपोरे आणि दुसऱ्या बाजूला फळ दबलेले, वाकडे दिसले, तर त्या दबलेल्या बाजूच्या कुक्षींना बहराच्या दिवशी पराग मिळाला नव्हता. फळ फोडून पाहिले, तर त्या बाजूला बियाही सापडत नाहीत.