रीव्हर आणि रसलर: दोघांनाही ‘गुरेचोर’ म्हणण्याआधी

सरहद्दीच्या इतिहासाविषयी आणि त्यावर बेतलेल्या कथांविषयी मराठीत जे लिहिले जाते, त्यात ‘गुरेचोर’ हा एकच शब्द दोन अगदी निराळ्या माणसांना चिकटवलेला वारंवार आढळतो. त्यांतला पहिला रीव्हर, म्हणजे इंग्लंड आणि स्कॉटलंड यांच्या सीमेवर, मुख्यतः सोळाव्या शतकात, गुरांवर धाडी घालणारा स्वार. दुसरा रसलर, म्हणजे एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अमेरिकेच्या पश्चिमेकडील मोकळ्या कुरणांतून गुरे लंपास करणारा. पहिला हा दुसऱ्याचा पूर्वज असल्याचे विधान तर इतक्या आत्मविश्वासाने केले जाते की वाचणाऱ्याला ते खरेच वाटू लागते. गुरे दोघांनीही पळवली हे मान्य. परंतु तेवढ्यावरून दोघांना एका दावणीला बांधणे म्हणजे खंडणी आणि खिसेकापूपणा यांत फरक न करण्यासारखे आहे.

रसलरची ओळख नव्याने करून देण्याचे कारण नाही. रुंद काठाची टोपी, धुळीचा लोट, झाडाच्या फांदीवरून लोंबणारा दोर, हे सारे आपण पडद्यावर पुरेसे पाहिलेले आहे. रीव्हरच्या डोक्यावर पोलादी शिरस्त्राण असे, अंगात लोखंडी पट्ट्या शिवलेली जाड बंडी आणि हातात भाला असे. लांब रात्रींचा हिवाळा हा त्याचा हंगाम होता आणि गाईंबरोबर तो मेंढ्या, घोडे व घरातली भांडीकुंडीही नेत असे. हे फरक पोशाखाचे आणि हवामानाचे आहेत. त्यांत गल्लत झाली तरी फारसे बिघडत नाही. बिघडते ते पुढच्या मुद्द्यात.

रीव्हरने गाय पळवली, तेव्हा ती गाय कोणाची याविषयी सहसा कोणालाच शंका नसे. ती कोणत्या कुळाची आहे आणि कोणत्या कुळाने नेली, हे लुटणारा, लुटला गेलेला आणि दोन्ही बाजूंचे अधिकारी या सर्वांना बहुधा ठाऊक असे; आर्मस्ट्राँग, ग्रॅहम, एलियट, चार्लटन ही आडनावेच त्या प्रदेशाची खरी राज्ये होती. प्रश्न एवढाच असे की गाय आता रेषेपलीकडे, दुसऱ्या राजाच्या हद्दीत गेली आहे, तर तिला परत आणण्याचा अधिकार कोणाचा आणि तो कसा बजावायचा. या प्रश्नासाठी दोन्ही राज्यांनी मिळून एक स्वतंत्र कायदाच उभा केला होता. सीमेचे नियम 1249 साली लिहून काढले गेले. पुढे दोन्ही बाजूंना तीन तीन विभाग पडले, त्या प्रत्येकावर वॉर्डन, म्हणजे राजाचा सीमा-अधिकारी, नेमला जाऊ लागला, आणि ठरलेल्या दिवशी, युद्धबंदी पाळून, दोन्हीकडचे वॉर्डन तक्रारींचा निवाडा करण्यासाठी सीमेवर भेटू लागले.

त्या कायद्यातील ‘हॉट ट्रॉड’ हा नियम समजला की रीव्हर समजला. ज्याची गुरे गेली त्याला सहा दिवसांच्या आत माग काढत थेट सीमेपलीकडे घुसण्याचा हक्क होता. अट अशी की हे उघडपणे व्हावे. कुत्री भुंकत, शिंगे फुंकत, भाल्याच्या टोकाला जळते पीट, म्हणजे दलदलीत कापून वाळवलेल्या जळाऊ मातीचे ढेकूळ, खोचून पाठलागाची टोळी निघत असे. तो धुमसणारा निखारा दिसला की वाटेतल्या माणसाने ओळखायचे की हे लुटारू नव्हेत, हे आपली गुरे परत न्यायला आले आहेत. आणि त्याने टोळीत सामील व्हायचे, नाहीतर चोरांना सामील असल्याचा ठपका पत्करायचा. रात्री परक्या मुलखात शस्त्रे घेऊन शिरलेल्या दोन टोळ्यांपैकी गुन्हेगार कोणती, हे त्या एका निखाऱ्यावरून ठरत असे.

आता रसलरकडे या. त्याच्याही गोष्टीत आग आहे, पण ती लपवलेली. उघड्या माळावर, कुंपण नसलेल्या कुरणात, अनेक मालकांची गुरे एकत्र चरत. ओळखीची खूण म्हणजे कातडीवर तापल्या लोखंडाने उमटवलेला डाग. रसलर एखाद्या घळीत लहानसा जाळ करी, ‘रनिंग आयर्न’ नावाची साधी सळई तापवी आणि जुन्या डागाला एखादी रेघ किंवा वळण जोडून त्याचे दुसरेच अक्षर करून टाकी. किंवा त्याहून सोपे म्हणजे डाग न लागलेले वासरू आईपासून तोडून त्याच्यावर आपला डाग मारी. गाय कधी कधी त्याच कुरणात राही. जागेवरून हलली ती मालकी. येथे सारा झगडा ‘हे जनावर कोणाचे’ या एकाच प्रश्नावर होता, आणि नेमका तो प्रश्न रीव्हरच्या मुलखात सहसा उद्भवतच नव्हता.

म्हणूनच रसलर हा शब्द बहुतेक वेळा आरोप असतो, ओळख नसते, आणि मराठी अनुवादात ही छटा पार पुसली जाते. वायोमिंगमध्ये 1884 च्या कायद्याने ‘मॅव्हरिक’, म्हणजे बेवारशी, बिनडागाच्या वासरांची विल्हेवाट मोठ्या पशुमालकांच्या संघटनेच्या हाती गेली. कालपर्यंत माळावरचे बिनडागाचे वासरू धरणे हा रिवाज होता, तो रातोरात चोरी ठरला; चार गुरे स्वतःच्या नावावर ठेवणारा छोटा शेतकरी संशयित झाला. एप्रिल 1892 मध्ये बड्या मालकांनी टेक्सासहून भाडोत्री बंदूकवाले आणून, मारायच्या माणसांच्या नावांची यादी खिशात घेऊन, जॉन्सन काउंटीवर चाल केली आणि 9 एप्रिलला नेट चॅम्पियन हा छोटा पशुपालक व त्याचा साथीदार निक रे यांना ठार मारले. खवळलेल्या स्थानिकांनी मग त्या चाल करून आलेल्यांनाच एका रँचवर वेढले. घोडदळाने येऊन त्यांची सुटका केली आणि शिक्षा कोणालाही झाली नाही. चॅम्पियनला कोणत्याही न्यायालयाने चोर ठरवले नव्हते. त्याला सरसकट ‘गुरेचोर’ लिहिणारा लेखक नकळत यादी करणाऱ्यांची बाजू घेत असतो.

याउलट 1596 चे किनमाँट विलीचे प्रकरण पाहा. विली आर्मस्ट्राँग हा नामचीन रीव्हर होता, याबद्दल कोणाचेही दुमत नव्हते. तरीही त्याला पकडल्यावर गहजब झाला, कारण वॉर्डनांच्या बैठकीहून घरी परतत असताना, युद्धबंदी अजून लागू असताना, इंग्रजांनी त्याला धरले. स्कॉटिश बाजूचा सीमा-अधिकारी बक्लू याने 13 एप्रिलच्या रात्री कार्लाइलच्या किल्ल्यात शिरून त्याला सोडवून नेले, आणि त्यावरून इंग्लंडची राणी एलिझाबेथ व स्कॉटलंडचा राजा जेम्स यांच्यात कडवट पत्रव्यवहार झाला. या सगळ्या वादात गाईंचा प्रश्न कोठेच नव्हता. मुद्दा होता रेषेचा आणि दिलेल्या शब्दाचा.

खरे तर हा भेद आपल्या भाषेला परका नाही. विराटाची गुरे हाकून नेणाऱ्या कौरवांना कोणी गुरेचोर म्हणत नाही. त्यासाठी ‘गोग्रहण’ हा शब्द आहे, आणि त्यात आव्हान, पाठलाग व सैन्य हे सारे गृहीत आहे. रीव्हरसाठी निदान ‘धाड’ हा शब्द वापरावा आणि ‘चोरी’ रसलरसाठी राखून ठेवावी, तीही ‘कथित’ लावून, असे माझे ठाम मत आहे.

कथा-कवितांनी गोंधळ आणखी वाढवला हे खरे. वॉल्टर स्कॉटने 1802 पासून सीमेवरचे पोवाडे छापले आणि रीव्हरला शूर, दिलदार करून ठेवले; तो स्वतः त्याच कुळांपैकी एकाचा वंशज होता, हे विसरू नये. एका पोवाड्यातला विली आणि एका चित्रपटातला दाढीवाला डाकू शेजारी बसवले की दोघे भाऊ वाटतात. सरहद्द हा शब्दही फसवतो: रीव्हरची सरहद्द ही दोन जुन्या राज्यांमधली ठरलेली रेषा होती, रसलरची म्हणजे वस्तीची पुढे सरकत जाणारी कड. याची फोड येथे करत नाही, एवढे भान असले तरी पुरे.

दोघांचा शेवटही त्यांच्या त्यांच्या प्रश्नाबरोबर झाला. 1874 मध्ये पेटंट मिळालेल्या ग्लिडनच्या काटेरी तारेने मोकळी कुरणे हळूहळू बंद केली आणि बिनडागाच्या वासरावरचा वाद आटला. सीमेवर मात्र मार्च 1603 मध्ये एलिझाबेथ वारली, तेव्हा एक राजा जाऊन दुसरा येईपर्यंतच्या मधल्या काळात कायदा स्थगित असतो अशा समजुतीने ग्रॅहम आणि इतर स्वारांनी इंग्लंडच्या कंबरलँडमध्ये खोलवर शेवटच्या मोठ्या धाडी घातल्या. जेम्स दोन्ही देशांचा राजा झाला, त्याने त्या पट्ट्याला ‘मधले परगणे’ असे नवे नाव दिले आणि वॉर्डनांची पदे मोडीत काढली. पळून जायला पलीकडची बाजूच उरली नाही. अनेकांना फासावर चढवले गेले, ग्रॅहमांच्या कित्येक घरांना आयर्लंडला धाडण्यात आले, आणि त्यांतले बरेचजण गुपचूप परतलेही.