रुळांकडे पाहणारे लघुपट

१६ एप्रिल १८५३ला बोरीबंदरहून निघालेली गाडी ठाण्याला पोचली, तेव्हा सिनेमा जन्माला यायला चार दशकं अवकाश होता. ७ जुलै १८९६ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिए बंधूंच्या फिती दाखवल्या गेल्या. त्यांतल्या एकीत गाडी स्टेशनात शिरत होती. लवकरच परदेशात इंजिनाच्या तोंडाशी कॅमेरा लावून बोगदे आणि पूल टिपले जाऊ लागले. गोष्ट नाही, पात्रं नाहीत, नुसते सरकणारे रूळ. प्रायोगिक रेल्वेपटाचं मूळ मला तिथेच दिसतं.

या प्रकाराला खरी उंची दिली जेफ्री जोन्स यांच्या ‘स्नो’ने (१९६३). जेमतेम आठ मिनिटांचा हा लघुपट. रुळांवरचा बर्फ फावड्यांनी उपसणारे कामगार आणि उबदार डब्यात बसलेले प्रवासी आळीपाळीने दिसतात. संगीताचा वेग वाढत जातो आणि दृश्यं त्याच ठेक्यावर बदलतात. निवेदनाचा एक शब्द नाही. तरी गाडी कुणाच्या श्रमावर धावते, ते लख्ख कळतं. ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोचलेल्या या कामाची निर्मिती ब्रिटनच्या सरकारी मालकीच्या रेल्वेशी जोडलेल्या ‘ब्रिटिश ट्रान्सपोर्ट फिल्म्स’ या चित्रपट विभागाची होती, हे विसरू नये. रेल्वेनेच दारं उघडली होती.

आपल्याकडे तशी जागा १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनने, म्हणजे माहितीपट काढणाऱ्या सरकारी संस्थेने, दिली. साठच्या दशकात प्रमोद पती, एस. एन. एस. शास्त्री यांनी तिथे धाडसी प्रयोग केले. मणी कौल यांच्या ‘अरायव्हल’मध्ये (१९८०) मुंबईत येऊन पडणारा माल, जनावरं आणि मजूर दिसतात. विषय रेल्वेपुरता नाही, पण नजर तीच.

अमेरिकी दिग्दर्शक जेम्स बेनिंग यांनी ‘आरआर’मध्ये (म्हणजे ‘रेलरोड’, २००७) वेगळी वाट धरली. हा लघुपट नव्हे, पण त्याची रीत लघुपटकारांच्या कामाची आहे: कॅमेरा स्थिर, आणि गाडी चौकटीतून जाईपर्यंत दृश्य चालू. दृश्याची लांबी गाडीच ठरवते.

ठाणे-नवी मुंबईत या नजरेला भरपूर खाद्य आहे. १९१६ साली खुला झालेला, सुमारे १.३ किलोमीटरचा पारसिकचा बोगदा आहे. १९९२ साली गाडी खाडी ओलांडून वाशीला आली, २००४ साली ठाणे-वाशी मार्ग सुरू झाला, आणि सिडकोची प्रशस्त स्टेशनं उभी राहिली. रविवारच्या मेगाब्लॉकमध्ये तर खडी, ओव्हरहेड वायर, सिग्नल यांवर राबणारे हात उघड दिसतात. त्या कामगारांवर असा लघुपट व्हायलाच हवा. मात्र रेल्वेच्या हद्दीत चित्रीकरणाला परवानगी लागते. ती हाती येईपर्यंत बेनिंग यांच्यासारखं बाहेर उभं राहून टिपण्याचा मार्ग आहेच.